आईच्या बोलीची लाज कशासाठी?

मुस्लिम मराठी साहित्याच्या व्यासपीठावर भाषेचा विषय निघाला की वाद ठरलेला असतो. मुसलमानांची भाषा उर्दू की मराठी? 1990 साली सोलापूरला पहिले मुस्लिम मराठी साहित्य संमेलन भरले, त्याच्याही आधीपासून हा वाद चालू आहे आणि त्यातून पुष्कळ चांगले लेखनही झाले. परंतु या दोघींच्या भांडणात तिसरी एक भाषा आपल्याच स्वयंपाकघरात शेवटच्या घटका मोजते आहे, तिच्याकडे कुणाचे लक्ष नाही. ही तिसरी म्हणजे कोकणी मुसलमानांची घरची बोली. आपण तिला नुसती ‘कोकणी’ म्हणतो. म्हसळा, श्रीवर्धन, महाड, मंडणगड, दापोली, खेड, चिपळूण इथल्या आपल्या आज्या जी बोलत आल्या ती.

आमचे म्हणणे सरळ आहे. ही बोली उर्दूने मारलेली नाही आणि मराठीनेही नाही. तिला मारते आहे ती आपल्या समाजाची लाज. सरकारी बंदी असती तर तिच्याविरुद्ध मोर्चा काढता आला असता. लाजेविरुद्ध मोर्चा कुठे काढायचा?

हे लिहिणारे आम्ही उर्दू माध्यमाच्या शाळेत शिकवतो, हे मुद्दाम सांगून टाकतो. नाहीतर उर्दूच्या द्वेषापोटी कुणीतरी लेखणी उचलली असा शिक्का मारायला आपल्याकडे वेळ लागत नाही. उर्दूवर आमचे पोट चालते आणि तिच्यावर आमचे प्रेमही आहे. म्हणूनच उर्दूच्या नावाने घराघरात जे चालले आहे ते आम्हाला पाहवत नाही.

आम्ही राहतो त्या घणसोली गावाचेच उदाहरण घ्या. गाव मूळचे आगरी-कोळ्यांचे. खाडी, खाजण, भातशेती आणि मिठागरे यांवर जगलेले. 1970 साली सिडको स्थापन झाली, बेलापूर पट्टीतल्या जमिनी गेल्या आणि शेतांच्या जागी सेक्टर उभे राहिले. मुंबईच्या चाळींतून आणि कोकणातल्या गावांतून आपली माणसे या नव्या शहरात आली. मराठवाड्यातली आली, उत्तर प्रदेशातली आली. आमच्या वर्गात ही सगळी मुले एका बाकावर बसतात. एकाच्या घरी कोकणी, दुसऱ्याच्या घरी दखनी, तिसऱ्याच्या घरी अवधी किंवा भोजपुरी. पण शाळेच्या दाखल्यावर मातृभाषेचा जो रकाना असतो त्यात सरसकट एकच शब्द पडतो : उर्दू. पालकाला विचारले तर पालकही तेच सांगतो, आणि मान वर करून सांगतो.

त्या मुलाला पहिलीपासून काय काय शिकावे लागते ते पाहा. माध्यम म्हणून उर्दू. 2020च्या कायद्याने सर्व शाळांत सक्तीची झालेली मराठी. इंग्रजी. पुढे हिंदी. आणि संध्याकाळी मकतबात अरबी. एवढ्या भाषा लहान वयात डोक्यावर घेणारी मुले महाराष्ट्रात फार थोडी असतील, आणि ती त्या शिकतातही. या सगळ्या यादीत नसते ती फक्त गावाकडची दादी बोलते ती भाषा. दादीचा फोन येतो, ती कोकणीत विचारते आणि नातू हिंदीत उत्तर देतो. आणखी वीस वर्षांनी दादी नसेल आणि नातवाला ती काय विचारत होती हेही आठवणार नाही. भाषा मरते म्हणजे एवढेच होते. तिचा जनाजा निघत नाही आणि वर्तमानपत्रात बातमीही येत नाही.

आता काही जण म्हणतील, ही कसली भाषा, ही तर अशुद्ध मराठी. त्यांच्यासाठी थोडी माहिती. ग्रियर्सनने भारताचे भाषिक सर्वेक्षण केले, त्याचा मराठीविषयक सातवा खंड 1905 साली निघाला. त्यात संगमेश्वरी, बाणकोटी, आगरी, कोळी अशा कोकणच्या बोली नमुन्यांसह नोंदल्या आहेत. आपली बोली याच कुळातली. गोव्याची कोकणी निराळी, मालवणी निराळी. आमच्या शेजारचा आगरी म्हातारा ‘आयलो’ म्हणतो तेव्हा म्हसळ्याहून आलेल्या आमच्या माणसाला त्याचा अर्थ विचारावा लागत नाही, कारण तोही ‘आयलो’च म्हणतो. मजहब वेगळा, बोलीचे कूळ एक. खाडीच्या दोन काठांवर सारख्याच भरती-ओहोटीने जगलेल्या माणसांचे हे नाते आहे, आणि बोली गेली की हा पुरावाही गेला.

बोलीबरोबर आणखी काय जाते? अमावास्या-पौर्णिमेच्या मोठ्या भरतीला उधाण म्हणतात आणि अष्टमीच्या आसपासच्या मंद पाण्याला भांग, हे ज्याला ठाऊक आहे त्याला जाळे कधी टाकावे हेही ठाऊक असते. राब कशाला भाजायचा, आवणी कधी धरायची, खाजणाचा बांध कुठे फुटतो, हे ज्ञान पुस्तकात नव्हते, शब्दांत होते. घावणे आणि सांदणे यांना उर्दूत शब्द नाही, आणि असायचे कारणही नाही. हळदीच्या रात्री आपल्या बायका जी गाणी म्हणतात ती त्यांच्या आयांनी कागदावर लिहून दिली नव्हती. आगऱ्यांच्या लग्नात धवले म्हणणाऱ्या धवलारिणी कमी होत चालल्या म्हणून आगरी समाजातले लोक आज हळहळतात, त्यांच्यातले काही जण बोलीसाठी धडपडतातही. आपल्याकडे हळहळसुद्धा नाही. हळदीला सिनेमाची गाणी वाजतात आणि आपण त्याला प्रगती म्हणतो.

ही अवस्था एका दिवसात आली नाही. कोकणातला मुसलमान बोटीवर गेला, मुंबईत गोदीत गेला, पुढे आखातात गेला. बाहेर जी भाषा कामाला येते ती माणूस उचलतोच, त्यात गैर काही नाही. गेल्या शतकात समाजातल्या जाणत्यांनी शिक्षणसंस्था काढल्या. भिवंडीची कोकण मुस्लिम एज्युकेशन सोसायटी 1927ची. या संस्थांनी उर्दू माध्यमातून कोकणी मुलांना, आणि विशेषतः मुलींना, शाळेचा उंबरठा ओलांडायला लावले. त्यांचे हे ऋण कुणी नाकारू नये. पण शाळेची भाषा ही शाळेची भाषा होती. ती माजघरात आणून आईची भाषा बाहेर काढा, असे या संस्थांनी कुणाला सांगितले नव्हते. ते आपल्या नव्या मध्यमवर्गाने स्वतःहून केले. चार पैसे आले, फ्लॅट आला, आणि पाहुण्यांसमोर कोकणी बोलणाऱ्या आईला ‘अम्मी, ठीक से बोलो’ म्हणून डोळ्यांनी दटावणारी पिढी आली.

या पिढीचा पहिला युक्तिवाद असतो, मुसलमानाची भाषा उर्दू. हे त्यांनी कुठे वाचले? कुराणात तर नाही. सूरह इब्राहीमच्या चौथ्या आयतीत अल्लाहने प्रत्येक पैगंबर त्याच्या कौमच्याच भाषेत पाठवल्याचे सांगितले आहे. सूरह रूमच्या बाविसाव्या आयतीत माणसांच्या भाषांचे आणि रंगांचे वेगवेगळेपण ही अल्लाहची निशाणी म्हटली आहे. निशाणी पुसून टाकण्यात कसली दीनदारी? इंडोनेशियाचा मुसलमान उर्दू बोलत नाही, तुर्क बोलत नाही, केरळचा मोपला बोलत नाही. त्यांचा इमान आपल्यापेक्षा कच्चा आहे असे म्हणायची कुणाची हिंमत आहे? आणि उर्दू हीच सर्व मुसलमानांची भाषा असा हट्ट धरल्यावर काय झाले ते ढाक्याला विचारा. 21 फेब्रुवारी 1952 रोजी बंगाली मुसलमान पोरे आपल्या मातृभाषेसाठी पोलिसांच्या गोळ्यांना सामोरी गेली. 1971 साली देश फुटला. 1999 साली युनेस्कोने तीच तारीख जागतिक मातृभाषा दिन म्हणून ठरवली. आज आपल्याही शाळांतून तो दिवस साजरा होतो. त्या दिवशी मुलांना विचारून पाहावे, तुझ्या आईची भाषा कोणती?

आणि उर्दूचे तरी यात काय भले होते? जी दखनी बोलणाऱ्या वली औरंगाबादीने उत्तरेला गझलेची वाट दाखवली, त्या दखनीला आज आपलेच लोक बिघडलेली उर्दू म्हणून हसतात. उर्दू ही अनेक बोलींचे पाणी पिऊन वाढलेली भाषा आहे. घरची बोली सोडून जी येते ती गालिबची उर्दू नसते, ती मुंबईच्या रस्त्यावरची हिंदी असते. नुक्ता नाही, लहेजा नाही. आमच्या वर्गात ज्या मुलाला घरची बोली खणखणीत येते तो उर्दूही लवकर उचलतो, हा आमचा रोजचा अनुभव आहे. बी.एड.च्या पहिल्या काही धड्यांतच शिकवतात : ज्ञाताकडून अज्ञाताकडे. 2009च्या शिक्षणहक्क कायद्यात, शक्य तेथवर मुलाच्या मातृभाषेतून शिकवावे असे म्हटले आहे. 2020चे शैक्षणिक धोरणही घरच्या भाषेची भलामण करते. कागदावर सगळे आहे. मग घरातच ज्ञात असे काही उरू दिले नाही तर शिक्षकाने सुरुवात कुठून करायची?

दुसरा हिशेब मराठीवाल्यांशी. मराठीला 3 ऑक्टोबर 2024 रोजी अभिजात दर्जा मिळाला, आम्हालाही आनंद झाला. शेख महंमदांपासून अमर शेखांपर्यंत या भाषेत आमचा वाटा आहे. मिरजोळीच्या हमीद दलवाईंच्या विचारांशी कुणाचे कितीही मतभेद असोत, त्यांची ‘इंधन’ ही कादंबरी मराठीतच आहे. दापोलीचे बदीउज्जमा खावर उर्दूतही गझल लिहीत आणि मराठीतही. पण मराठी नाटकात, मालिकेत मुसलमान पात्र आले की ते ‘हमको-तुमको’ करतच येते. कोकणातला मुसलमान घरात शेजाऱ्याच्याच वळणाची बोली बोलतो, हे मराठी लेखकाला सुचतसुद्धा नाही. 2025 साली पहिलीपासून हिंदी आणण्याचे शासन निर्णय निघाले, महाराष्ट्र पेटून उठला आणि 29 जून रोजी ते मागे घ्यावे लागले. चांगले झाले. पण त्या सबंध वादात, मूल घरी काय बोलते हा प्रश्न किती जणांनी विचारला? प्रमाण मराठीच्या पाठीशी उभे राहायला पक्ष आहेत. आगरीच्या, कातकऱ्यांच्या, कोकणी मुसलमानांच्या बोलीच्या पाठीशी कोण आहे? बोलींना अशुद्ध म्हणणारी मराठी आणि बोलींना गावंढळ म्हणणारी उर्दू, दोघींचा सूर सारखाच लागतो.

तिसरा युक्तिवाद पोटाचा. कोकणी बोलून नोकरी मिळणार आहे का? नाही मिळणार. पण कोकणी विसरून कुणाला मिळाली? मूल एक भाषा विसरले म्हणून त्याच्या डोक्यात दुसरीला जास्त जागा होते, असे भाषा शिकवणारा कोणीही सांगणार नाही. इंग्रजी शिका, जरूर शिका. इंग्रजीने आईच्या जागेची मागणी केलेली नाही.

पोटाचा हा युक्तिवाद करणाऱ्यांनी थोडे जगाकडेही पाहावे. अमेरिका-कॅनडाच्या सरहद्दीवर मोठ्या सरोवरांच्या भोवती ओजिब्वे नावाचे आदिवासी राहतात. त्यांच्यासारख्या जमातींच्या मुलांना 1879 नंतर घरापासून तोडून निवासी शाळांत घातले गेले आणि तिथे मातृभाषेचा शब्द तोंडातून निघाला तर शिक्षा होई. परिणाम असा की भाषा म्हाताऱ्यांपुरती उरली. पण हे लोक रडत बसले नाहीत. विस्कॉन्सिन राज्यात त्यांनी 2000 सालाच्या सुमारास स्वतःची शाळा काढली. तिच्या नावाचाच अर्थ, जिथे लोक एकमेकांना मदत करतात ती जागा. तिथे गणित, विज्ञान सगळे ओजिब्वेतून शिकवतात. ज्येष्ठांचे आवाज ध्वनिमुद्रित करून मिनेसोटा विद्यापीठाने बोलता शब्दकोश केला आहे. न्यूझीलंडच्या माओरींनी 1982 साली बालवाड्या काढल्या, जिथे आज्या लहान मुलांशी माओरीखेरीज दुसरे काही बोलत नाहीत. पाच वर्षांत, 1987 साली, माओरी देशाची राजभाषा झाली. कॅलिफोर्नियात तर त्याहून साधी युक्ती निघाली. एक जाणता म्हातारा आणि एक शिकणारा तरुण यांची जोडी लावायची, दोघांनी स्वयंपाक, बाजार, बागकाम एकत्र करायचे आणि त्या वेळात इंग्रजी बोलायचे नाही. त्यांच्या जिभेवर सरकारने छडी मारली होती, तरी ते उठले. आपल्यावर छडी कुणी उगारली?

उलट, काही न केल्यास काय होते याचा दाखलाही आपल्याच माणसांचा आहे. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धापासून कोकणी मुसलमान दक्षिण आफ्रिकेत केप टाऊनला गेले. तिथे त्यांनी मशिदी बांधल्या, जमाती बांधल्या, घरात कोकणी बोलले. तिथल्या विद्यापीठातले भाषाशास्त्रज्ञ राजेंद मेस्थ्री यांनी त्या कोकणीचा अभ्यास केला आहे. आज तरुण पिढी इंग्रजीवर गेली. 1996 साली त्या देशाची नवी राज्यघटना झाली. तिच्या सहाव्या कलमात समाजांच्या भाषा जपण्याचे वचन आहे, त्यात गुजराती, हिंदी, तमिळ, तेलुगू, उर्दू यांची नावे आहेत. कोकणीचे नाव नाही. जी भाषा बोलणारेच मोठ्याने सांगत नाहीत तिचे नाव कायदा कुठून लिहिणार?

हीच पाळी आता आपल्यावर आहे. 1 मार्च 2027 ही पुढील जनगणनेची संदर्भ तारीख सरकारने जाहीर केली आहे. जनगणनेत मातृभाषेची व्याख्या काय असते? लहानपणी आई तुमच्याशी जी भाषा बोलली ती. आई लहानपणीच वारली असेल तर त्या वेळी घरात जी मुख्यतः बोलली जाई ती. मजहबाची भाषा कोणती, शाळा कोणती, हे त्या रकान्यात विचारलेले नाही. आईची विचारली आहे. आणि 2011च्या गणनेत मातृभाषेखेरीज येणाऱ्या आणखी दोन भाषांसाठी वेगळी जागा होती. मग अडचण कुठे आहे? पहिल्या रकान्यात कोकणी सांगा, पुढे उर्दू आणि मराठी सांगा. खरे तेवढेच होईल.

उर्दूची संख्या घटली तर उर्दू शाळांवर गदा येईल, अशी भीती घालणारे आमच्याच पेशातले लोक आहेत. ही भीती आम्हाला समजते, कारण गदा आली तर आमच्यावरही येईल. पण शाळेची तुकडी टिकते ती बाकावर बसलेल्या मुलांवर. आणि 2011 साली महाराष्ट्रातील 1 कोटी 29 लाखांहून अधिक मुसलमानांत उर्दू मातृभाषा सांगणारे सुमारे 75 लाखच होते. पन्नास लाखांहून अधिक माणसांनी दुसरी भाषा सांगितली, म्हणून उर्दू शाळा ओस पडल्या नाहीत. उर्दू एवढी दुबळी नाही की तिला जगवायला आपल्या आईच्या नावावर खोटी साक्ष द्यावी लागेल. त्याच गणनेत देशभरातून मातृभाषांची 19,569 नावे आली. छाननीनंतर 1,369 उरली, आणि स्वतंत्र आकडा छापला गेला तो दहा हजारांहून अधिक बोलणाऱ्या 270 मातृभाषांचा. वर्गीकरण करताना सरकार आपल्याला कुणाच्या खाती टाकील ते टाको. आपण आपले नाव तर सांगू.

पण जनगणनेने भाषा जगत नाही. ती जगते जेवताना, भांडताना, पोराला अंघोळ घालताना. म्हणून मागणी सरकारकडे नंतर, आधी घराकडे. आजी-आजोबांनी नातवाशी कोकणीतच बोलावे. तो हिंदीत उत्तर देईल, तरी आपण कोकणी सोडू नये. सुनेने, मुलाने त्यांना थांबवू नये. जमातीच्या सभा कोकणीत व्हाव्यात. सालाना जलशात पोरांचे एक नाटुकले कोकणीत बसवावे. आता प्रत्येकाच्या खिशात ध्वनिमुद्रणाचे यंत्र आहे. सुट्टीत गावी जाणाऱ्या कॉलेजच्या मुलांनी दादीची गाणी, उखाणे, माशांची आणि वाऱ्यांची नावे त्यात साठवावीत. लिहायचे तर देवनागरीत लिहा किंवा उर्दू लिपीत लिहा, लिपीवरून भांडत बसायला आता वेळ नाही. उर्दू शिक्षकांनी वर्गात ‘आयलो’ म्हणणाऱ्या मुलाला हसू नये आणि कुणाला हसू देऊ नये. ‘आयलो’ आणि ‘आ गया’ दोन्ही फळ्यावर लिहावे आणि दोन्हीचे व्याकरण सांगावे. मूल दोन भाषा शिकेल आणि एकीचीही लाज बाळगणार नाही. आणि या वार्षिकासारख्या अंकांनी दरवर्षी चार पाने कोकणीला द्यावीत, म्हणजे तिच्यात लिहिता येते हे तरी लोकांना कळेल.

यातल्या कशालाही अनुदान लागत नाही, मंत्र्याची वेळ घ्यावी लागत नाही. लागते ती एवढीच तयारी की पाहुणे बसलेले असताना आई कोकणीत बोलली तर आपणही तिला कोकणीतच उत्तर द्यावे. ज्यांना एवढे जमत नाही त्यांनी निदान अस्मितेची भाषणे देऊ नयेत. आणि ज्यांना जमते त्यांनी उद्याची वाट पाहू नये, कारण ही बोली ज्यांना पुरती येते त्यांचे वय झाले आहे.